कानात सांगायचा मान

आमच्याकडे बाळाचं नाव पहिल्यांदा त्याच्या कानात सांगायचा मान आत्याचा असतो. पाळण्यावर वाकायचं, बाळाच्या कानाशी तोंड न्यायचं, ‘कुर्रर्र’ करून हळूच नाव सांगायचं, आणि ते सांगत असताना मागच्या बायांनी आत्याच्या पाठीत धपाटे घालायचे. माझ्या भावाला मुलगी झाली तेव्हा तिला सख्खी आत्या एकच होती, ती म्हणजे मी. आणि मी जन्मापासून बहिरी आहे.

‘बहिरी’ हा शब्द मी मुद्दाम लिहिते. घरी पाहुण्यांना "हिला जरा कमी ऐकू येतं" असं सांगायची पद्धत आहे. जरा कमी वगैरे काही नाही. कुकरच्या शिट्ट्या, दारावरची बेल, भंगारवाल्याची आरोळी, यातलं माझ्यापर्यंत काहीच पोचत नाही. गणपतीतला ढोल तेवढा तळपायातून येतो. लहानपणी छातीवर मशीनचा डबा बांधून पाहिला, मग कानामागचं यंत्र लावून पाहिलं. त्यातून शब्द कधी आले नाहीत, नुसतं डोकं दुखलं. बाकी सगळं मी लोकांच्या ओठांवरून उचलते. अर्धं मिळतं, अर्धं अंदाजाने भरते. आमचं मूळ गाव नामपूर. शाळेत मला ‘आहे’ शिकवलं आणि गावाकडचे नातेवाईक येऊन ‘आहे’ला ‘शे’ म्हणायचे, त्यामुळे ते आले की मी स्वयंपाकघरात जाऊन चहा करायचे.

लोकांना वाटतं बहिरी माणसं शांत असतात. "किती शांत आहे बिचारी," असं माझ्याबद्दल बोललेलं मी कितीतरी ओठांवर वाचलंय. शांत कसली? मी आतून सारखी जळत असते. मी मत्सरी बाई आहे आणि ते मी आता लपवत नाही. कुणाच्या साडीचा, बंगल्याचा मला हेवा वाटत नाही. मला हेवा वाटतो तो पाठमोऱ्या बोलणाऱ्या बायकांचा. एक ओट्याशी पोळ्या लाटतेय, दुसरी खाली बसून मेथी निवडतेय, दोघींची तोंडं दोन दिशांना, आणि तरी त्या हसतात, भांडतात, एकमेकींची वाक्यं पुरी करतात. मला कुणाशी बोलायचं तर त्या माणसाला हातातलं काम थांबवून माझ्याकडे तोंड करावं लागतं. दिवसातून किती वेळा कोण थांबणार? लोक म्हणतात, ‘सहज कानावर पडलं’. माझ्या कानावर आजवर सहज काही पडलेलं नाही. मला एकेक शब्द जाऊन आणावा लागतो, आणि आणायला गेलं की उत्तर ठरलेलं: "काही नाही गं, नंतर सांगते." ते नंतर अजून यायचंय.

अंबडच्या एका कारखान्यात मी माल तपासायला आहे. स्विचचे प्लास्टिकचे भाग हातात घेऊन चीर पडलीय का, बुडबुडा राहिलाय का ते बघायचं. मशिनींच्या आवाजामुळे बाकीच्या बायका कानात बोळे घालून एकमेकींना खुणा करतात, आणि त्या खुणा इतक्या भिकार असतात की मला हसू येतं. आठ तास तिथे माझं राज्य असतं. मग मशिनी थांबतात, त्या बोळे काढतात आणि बोलत बोलत बस स्टॉपकडे निघतात. मी त्यांच्या मागून चालते.

एकच माणूस असा होता ज्याच्याकडे मला काही मागावं लागत नसे. माझा भाऊ. माझ्याहून तीन वर्षांनी लहान. टीव्हीवर कोण काय म्हणालं, शेजारच्या काकू का रडत गेल्या, बाबांनी काकांना फोनवर काय सुनावलं, सगळं तो मला हातांनी सांगायचा. आमच्या घरच्या घरी बनवलेल्या पन्नास-साठ खुणा होत्या. बाबांची खूण म्हणजे चष्मा, काकूंची खूण म्हणजे गालाला चिमटा. तो आईचं बोलणं सांगताना आईसारखा कमरेवर हात ठेवायचा. वाक्य संपलं की माझ्या चेहऱ्याकडे बघायचा, कळलं का म्हणून. बाबा सात वर्षांपूर्वी गेले, तेव्हा दवाखान्यात डॉक्टर काय म्हणाले तेही मला त्याच्याच हातांनी कळलं.

मग त्याचं लग्न झालं. भावजय पिंपळगाव बसवंतची, शाळेत शिक्षिका, स्वभावाने चांगली. मला "ताई, तुम्ही" म्हणते, माझ्याकडे तोंड करून बोलते, ओठ नीट हलवते. तिच्यात दोष काढायचा मी बराच प्रयत्न केला, पण फारसा सापडला नाही. तरी मी तिच्यावर जळले. ते दोघं गॅलरीत उभं राहून गप्पा मारायचे आणि मला काचेतून भावाची पाठ दिसायची. पाठ हसताना हलते, हे मला त्या वर्षी कळलं. त्याचे हात हळूहळू गप्प झाले. मी विचारलं तर सांगायचा, पण थोडक्यात. पूर्वी पाच मिनिटांची गोष्ट पाच मिनिटं सांगायचा. आता पाच मिनिटांच्या गोष्टीला दोन खुणा, आणि वर अंगठा: मजेत आहे, काळजी नको.

मुलगी झाली तेव्हा तिसऱ्या दिवशी दवाखान्यात तिच्या कानांची तपासणी होती. भावजयीच्या आईने ती आवर्जून मागून घेतली होती. आत्या अशी, म्हणजे बाळाचं बघायला नको का? त्या हे माझ्यासमोर बोलल्या नाहीत, पाठ करून बोलल्या, पण पाठीवरूनसुद्धा काही गोष्टी कळतात. तपासणाऱ्या बाईंनी बाळाच्या कानात बारीकशी नळी घातली, हातातल्या यंत्राकडे बघत राहिल्या. सगळे त्या यंत्राकडे आणि मधूनमधून माझ्याकडे बघत होते. आईने डोळे मिटून हात जोडले होते.

आता जे लिहिते ते लिहायची मला लाज वाटते, पण खरं तेच लिहिते. त्या एका मिनिटात मलाही देव आठवला आणि मी त्याच्याकडे मागितलं की हिला ऐकू येऊ देऊ नकोस. मला कुणीतरी हवं होतं. जिला माझे हात लागतील, जी माझ्याकडे पाठ फिरवून बोलू शकणार नाही. बाईंनी मान वर केली आणि म्हणाल्या, "पास." दोन्ही कान पास. भाऊ रडला, आई रडली, भावजयीच्या आईने मला मिठी मारली, का ते त्यांनाच ठाऊक. मीही हसले. देवाने माझं ऐकलं नाही. कानांच्या बाबतीत तो माझ्याच जातीचा निघाला, आणि त्याचे मी आभारच मानते. पण मागितलं होतं मी, हे काही पुसता येत नाही.

बारसं सव्वा महिन्याने करायचं ठरलं. इंदिरानगरमधला एका सोसायटीचा हॉल घेतला. ठरलं म्हणजे त्यांचं ठरलं. मला कॅलेंडरवरच्या गोलावरून कळलं.

आठवडाभर आधी आई माझ्या खोलीत आली, पलंगावर बसली आणि माझ्या हाताला हात लावला. हात लावते म्हणजे काहीतरी कडू सांगायचं असतं.

"नाव तिला सांगू दे," आई म्हणाली, आणि गळ्याशी हात नेऊन माईक धरल्यासारखा केला. म्हणजे काकांची मुलगी.

या माझ्या चुलत बहिणीबद्दल सांगायलाच हवं. माझ्याहून वर्षाने लहान. गंगापूर रोडवर कुठलाही कार्यक्रम असो, निवेदन करायला तीच असते. गातेही. लोक म्हणतात तिच्या आवाजात मध आहे. मला मध माहीत आहे, आवाज माहीत नाही, त्यामुळे ती बोलायला लागली की मी ऐकणाऱ्यांचे चेहरे बघते. कपाळं सैल पडतात, माना जराशा कलतात. मी बोलायला लागले की लोकांच्या भुवया जवळ येतात. ती वाईट असती तर फार बरं झालं असतं. पण नाही, ती मला राखी पौर्णिमेला गजरा आणते, "ताई, कशी आहेस?" असं एकेक अक्षर सुटं करून, लहान मुलीशी बोलावं तसं विचारते. तिचा गजरा मी माळते आणि दिवसभर माझं डोकं तापलेलं असतं.

"आत्या मी आहे," मी आईला म्हणाले.

"तीपण आत्याच हाय ना, चुलत. अगं, लय लोकं येतील. तुझा आवाज कमी-जास्त होतो, तुला कळत नाय. बाळ दचकंल. तू कुंची घाल, तू पाळण्याला हात लाव."

"कुंची तिला घालू दे."

आई बराच वेळ काहीतरी बोलत राहिली, पण मी डोळे मिटून घेतले. आमच्यात भांडण संपवायचा हा सोपा मार्ग आहे. डोळे मिटले की समोरच्याचं काही चालत नाही. आईने मला हलवलं, दंडाला चिमटा काढला, मी डोळे उघडले नाहीत. उघडले तेव्हा दारात भाऊ उभा होता. त्याने आईकडे बघून काहीतरी म्हटलं, मग माझ्याकडे वळला आणि हात वापरले, खूप दिवसांनी नीट वापरले. तू. कानात. नाव. तू.

मी जिंकले. त्या दिवशी मी तीन पोळ्या जास्त खाल्ल्या.

मग सराव सुरू केला. मला बोलायला शाळेत शिकवलंय. बाईंनी ‘प’साठी तोंडासमोर कागदाची पट्टी धरली होती, ‘क’साठी जीभ चमच्याने दाबली होती, ‘र’ यायला दोन वर्षं लागली होती. ‘कुर्रर्र’मध्ये दोन्ही अवघड अक्षरं शेजारी. मी बाथरूमच्या आरशासमोर उभं राहून ते रोज म्हणायचे, एक हात गळ्यावर ठेवून. गळ्यावरचा हात म्हणजे माझा कान. बोललं की गळा थरथरतो, कुजबुजलं की थरथरत नाही, एवढंच मला कुजबुजीबद्दल माहीत आहे. हात स्थिर राहिला की समजायचं, हळू जमलं.

‘कुर्रर्र’ जमलं. नाव काय आहे ते मात्र मला माहीत नव्हतं.

नाव गुपित ठेवलं होतं. भावजयीने थर्माकोलची पाटी करून घेतली होती, तिच्यावर पडदा, आणि मी नाव सांगितलं की पडदा पडणार, अशी तिची हौस. पाहुण्यांना ते आधी कळायचं नव्हतं हे ठीक, पण आत्याला तर सांगावंच लागणार. मी वाट बघत होते. कुणीतरी येईल, दार लोटून घेईल, माझ्यासमोर बसेल आणि सांगेल. मी विचारलं असतं तर एका मिनिटात कळलं असतं, हे मला मान्य आहे. पण जन्मभर मीच विचारत आलेय. काय झालं? काय म्हणाले? का हसले? एकदा, एकदा तरी न विचारता कुणी आपणहून येऊन सांगावं, अशी माझी इच्छा होती. आणि या वेळी तर माझ्याशिवाय त्यांचं अडणार होतं. मी ताठ्याने गप्प राहिले.

बारशाच्या सकाळी भावजय बाळाला कुंची घालत होती. तिने मान वर करून मला खूण केली. आलं, असं मला वाटलं. मी जवळ गेले. ती म्हणाली, "ताई, पिन द्या." मग आईने हाताला हात लावला. मी थांबले. आईला घुगऱ्यांच्या पातेल्याचं झाकण हवं होतं. भाऊ फुगेवाल्याबरोबर हॉलवर गेला होता. रिक्षात बसले तरी मी सगळ्यांच्या तोंडाकडे बघत होते. त्र्यंबक नाक्यापासून पुढे सगळे मोबाइलमध्ये होते.

हॉलमध्ये पोचलो तरी नाव आलं नव्हतं. पाळणा मोगऱ्याच्या माळांनी सजवलेला, मागे भिंतीवर पाटी, तिच्यावर गुलाबी सॅटिनचा पडदा. पडद्याचं टोक उचलून बघावं असं मनात आलं आणि मी दोन पावलं गेलेसुद्धा, पण तिथे फोटोग्राफर त्याची छत्री उघडत होता. चुलत बहीण आली, जांभळी पैठणी नेसून. तिने कागद काढून भावजयीला दाखवला. तिने स्वतः पाळणा रचून आणला होता. भावजय वाचता वाचता एका जागी थांबली आणि दोघी खुदकन हसल्या. शेवटच्या कडव्यात नाव गुंफलेलं असणार. म्हणजे हिला माहीत होतं. हिला सांगितलं होतं, आठवडाभर आधी, पाळणा रचायला वेळ मिळावा म्हणून. माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या. त्या क्षणी विचारणं तर सोडाच, मला तिथे उभंही राहवेना.

आणि मग वेळच उरला नाही. बाया जमल्या. आधी वरवंट्याला झबलं घालून पाळण्याखालून-वरून फिरवलं, मग बाळाला. कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या, हे शब्द मला लहानपणापासून ओठांवर ओळखता येतात. बाळ पाळण्यात ठेवलं. सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. आईने मला हलकेच पुढे ढकललं.

मी वाकले. पाळणा हलत होता, म्हणून दोन्ही हातांनी त्याची कड धरली. तिच्या कानाला तेलाचा आणि दुधाचा वास येत होता. मी ‘कुर्रर्र’ केलं. चांगलं झालं असावं, कारण माझ्या पाठीत धपाटे पडायला लागले. एक, दोन, चार. कुणीतरी बांगड्यांसकट मारत होतं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच इतक्या बायका एकाच वेळी माझ्याशी काही करत होत्या आणि मला ते सगळं कळत होतं. मला ते धपाटे फार आवडले. ते थांबू नयेत म्हणून काहीतरी बोलणं भाग होतं. एखादं नाव मनाने ठोकून द्यावं का? पडदा पडला की चोरी पकडली जाणार होती, पण कानातलं कुणाला कळणार होतं? फक्त तिला. आणि तिच्याशी पहिलंच बोलणं खोटं करायला मन धजेना. म्हणून मी तिच्या कानात हळूच खरं ते सांगितलं.

"तुझं नाव मला कुणी सांगितलंच नाही गं."

धपाटे थांबले. मला वाटलं विधी संपला. मी सरळ झाले आणि मागे वळले.

हॉलमध्ये चाळीसेक माणसं होती आणि एकाचंही तोंड हलत नव्हतं. असं दृश्य मी आयुष्यात पाहिलेलं नाही. कितीही मोठं कार्य असो, कोपऱ्यात कुणीतरी बोलतच असतं, खुर्चीवरची एखादी म्हातारी पुटपुटतच असते. इथे सगळी तोंडं जागच्या जागी बंद. फोटोग्राफरनेसुद्धा कॅमेरा खाली घेतला होता. बोलताना माझे दोन्ही हात पाळण्याच्या कडेला होते, गळ्यावर एकही नव्हता, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं. मी कुजबुजले नव्हते. मी किती मोठ्याने बोलले ते मला आजही माहीत नाही, पण शेवटच्या रांगेतल्या बाईने तोंडावर पदर धरला होता.

तोंडं हलायला लागली ती भावापासून. तो आईला म्हणाला, "तू सांगितलं नाहीस?" आई भावजयीला म्हणाली, "मला वाटलं तू सांगितलं." भावजय भावाला म्हणाली, "मला वाटलं तुम्ही. तुमचं-त्यांचं सगळं असतं ना." बाळाला फिरवलं तसा तो प्रश्न तिघांमध्ये फिरला. त्या दिवशी सगळे इतके स्पष्ट बोलत होते की मला एक अक्षर अंदाजाने भरावं लागलं नाही.

भावजय रडवेली झाली. "पण आपण तर रोज जेवताना नावांचंच बोलायचो. ताई समोरच असायच्या की."

"समोर होते," मी म्हणाले. "जेवत होते. जेवताना मी ताटात बघते."

तेवढ्यात चुलत बहीण पुढे झाली. तिच्या चेहऱ्यावर ती माया होती, गजरा देतानाची. तिने माझ्या दंडाला हात लावला, माझ्यासमोर वाकली आणि ओठ रुंद करून, अक्षरं सुटी करून म्हणाली, "ताई, बाळाचं नाव..."

मी तिच्या तोंडासमोर हात धरला. चाळीस माणसांसमोर.

"तू नको."

तिचा चेहरा पडला. माझ्या माणसांनी नाव आधी तिला दिलं, आणि आता ते मला तिच्याकडून घ्यावं लागणार, उसनं? नाही म्हणजे नाही. तिची चूक नव्हती. मला ते तेव्हाही कळत होतं. तरी मी हात खाली घेतला नाही. मी भावाकडे बघितलं.

"तू सांग."

तो माझ्यासमोर येऊन उभा राहिला. त्याचे डोळे भरले होते, ओठ थरथरत होते, आणि थरथरणारे ओठ वाचायला सगळ्यात अवघड. पहिल्यांदा मला कळलं नाही. मी म्हटलं, परत. त्याने परत सांगितलं. परत. तिसऱ्यांदा त्याने एका हाताने अक्षरं हवेत काढली, दुसऱ्याने डोळे पुसले. मागून भावजयीच्या आई हात हलवत होत्या, अहो, पडदा, पडदा! पण गुपित केव्हाच फुटलं होतं. पार दाराशी उभ्या असलेल्या मांडववाल्यालाही नाव कळलं होतं. त्या पडद्यामागे आता कुणाला काही बघायचं राहिलं नव्हतं. भावजयीची हौस फुकट गेली, आणि मला, खरं सांगते, वाईट वाटलं नाही.

मी पुन्हा वाकले. या वेळी मुद्दामच गळ्यावर हात ठेवला नाही. हळू बोलून आता कुणापासून लपवायचं होतं? मी ‘कुर्रर्र’ केलं आणि तिचं नाव घेतलं. दोन व्यंजनं, त्यातलं एक माझं नेहमीचं कच्चं. जसं आलं तसं घेतलं. पाठीत धपाटा बसला, एकच, पण असा की मी पुढे कलले. तो आईचा होता, आईचा हात मला ओळखू येतो. मग बाकीच्यांचेही पडले.

बाळ दचकलं नाही. आईने आठवडाभर ज्याची भीती घातली होती ते झालंच नाही. तिने डोळे उघडले आणि माझ्या तोंडाकडे बघितलं. डोळ्यांकडे नाही, कुंकवाकडे नाही, तोंडाकडे. कपाळाला बारीक आठी घालून, एकटक. मी तिचं नाव परत घेतलं, नुसतं ओठांनी, आवाज न काढता. ती बघत राहिली. मी परत घेतलं. सगळा हॉल माझ्या पाठीमागे होता आणि मला कुणाचीच गरज नव्हती. तपासणीच्या दिवशी देवाकडे मागितलं होतं ते जणू मला एवढ्या वेळापुरतं मिळालं.

मग तिची नजर हलली. आधी डोळे गेले, मग हळूहळू सगळी मान. माझ्या चेहऱ्यावरून निघून ती उजवीकडे वळली. कुठे ते बघायला मी मान वर केली. चुलत बहीण पाळण्याच्या त्या टोकाला उभी होती, हातात कागद, डोळे अजून ओले, आणि तिचं तोंड उघडलेलं होतं. ती पाळणा म्हणत होती. आजूबाजूच्या बायांची कपाळं सैल पडली होती, माना कलल्या होत्या. आणि पाळण्यात सव्वा महिन्याची माझी भाची त्याच मधाकडे तोंड करून पडली होती, ओठ अर्धवट उघडे टाकून.

ऐकू येत होतं तिला. किती चांगलं ऐकू येत होतं. मला आनंद व्हायला हवा होता.

पाळण्याची दोरी माझ्या हाताशी होती. मी ती धरली आणि माझ्याकडे ओढली. तिचा चेहरा माझ्यासमोर आला, आणि पाळण्याबरोबर परत गेला. मी पुन्हा ओढली, जरा जोरातच.